गोविंदपंतांचा हिशेब

(दिल्लीतील मराठी मंडळींच्या वार्षिक व्याख्यानमालेत दिलेल्या स्मृतिव्याख्यानाचा मजकूर)



ज्यांच्या स्मरणार्थ आपण दरवर्षी इथे जमतो, त्यांची सगळी नोकरी सरकारी हिशेब तपासण्यात गेली. त्यांच्या नावाने बोलायचं ठरल्यावर विषयासाठी मला फार शोधाशोध करावी लागली नाही. मराठ्यांच्या इतिहासात हिशेबाचा सर्वांत जड आरोप ज्या माणसावर झाला, त्याचा शेवट इथून तासा-दीड तासाच्या वाटेवर झाला आहे. गोविंद बल्लाळ खेर, म्हणजेच गोविंदपंत बुंदेले. नेवऱ्याच्या कुळकर्ण्याच्या घरात जन्मलेला, बुंदेलखंडाचा कारभार पाव शतकाहून अधिक काळ पाहिलेला आणि डिसेंबर १७६० मध्ये गाझियाबादजवळ जलालाबादला मारला गेलेला मराठ्यांचा सुभेदार.

आपल्यापैकी कितीतरी जण वैशाली, वसुंधरा, इंदिरापुरम भागातून आले आहेत. तुमची रोजची वाट शहादरा, मोहननगर, हिंडनचा पूल अशी असेल, तर पंतांचा काळ झालेले अफगाण स्वार ढोबळमानाने त्याच दिशेने गेले. पानिपत म्हटलं की आपण करनाल रस्त्याकडे बघतो. त्या मोहिमेचा एक फार महत्त्वाचा निकाल मात्र यमुनेच्या पूर्वेला, दुआबात, लढाईच्या जवळपास महिनाभर आधी लागला होता.

माझं म्हणणं आधीच सांगतो. गोविंदपंतांकडे सरकारची बाकी होती, हे मला मान्य आहे. ते निःस्पृह होते असं सिद्ध करायला मी उभा राहिलेलो नाही. पण पानिपतच्या पराभवाची बाकी त्यांच्या नावावर टाकली जाते, तो अन्याय आहे. आयुष्यभर वसुलाच्या कामावर ठेवलेल्या अधिकाऱ्याकडून ऐन वेळी सेनापतीचं काम मागितलं गेलं. ते काम त्यांनी केलं आणि त्यातच ते गेले.

नेवरे हे रत्नागिरीजवळचं समुद्रकाठचं गाव. तिथलं कुळकर्णीपण खेरांकडे होतं. कोकणातल्या कुळकर्णीपणावर एका मोठ्या कुटुंबाचं भागत नसे, म्हणून अठराव्या शतकाच्या सुरुवातीला हुशार पोरं घाट चढून साताऱ्या-पुण्याकडे निघत. भट, भानू, मेहेंदळे, पटवर्धन या सगळ्यांची कहाणी थोड्याफार फरकाने हीच. गोविंद बल्लाळ बाजीराव पेशव्यांच्या पदरी अगदी साध्या चाकरीला लागले. त्या दिवसांच्या कथा पुष्कळ सांगितल्या जातात. त्यात तथ्य किती आणि रंग किती हे ठरवणं अवघड आहे, तेव्हा त्या बाजूला ठेवू. पक्की गोष्ट एवढीच की मुलगा लिहिण्यात आणि हिशेबात तरबेज होता आणि बाजीरावांना माणूस पारखता येत असे.

१७२९ मध्ये बाजीराव छत्रसालाच्या मदतीला जैतपूरला धावले, हा भाग आपल्याला पाठ आहे. त्याचा आर्थिक परिणाम मात्र आपण फारसा ध्यानात घेत नाही. छत्रसालाने बाजीरावांना तिसरा मुलगा मानून राज्याचा तिसरा हिस्सा दिला. १७३१ च्या डिसेंबरात तो वारला आणि हळूहळू सागर, काळपी, झाशी, सिरोंज, हटा हा पट्टा पेशव्यांकडे आला. त्याचा वार्षिक वसूल ३३ लाखांच्या आसपास सांगतात. पण हा आकडा कागदावरचा. छत्रसालाची मुलं, त्यांचे भाऊबंद, गढीगढीतले बुंदेले ठाकूर यांतला एकही जण आपण होऊन पैसा आणून देणार नव्हता. तिथे राहून, भांडून, समजूत घालून, प्रसंगी गढीवर तोफ लावून तो मिळवावा लागणार होता. या कामावर बाजीरावांनी गोविंदपंतांना नेमलं, आणि लोकांनी खेर हे आडनाव विसरून त्यांना बुंदेले म्हणायला सुरुवात केली.

सागरला जाण्याचा योग आला तर किल्ला जरूर बघा. तलावाच्या काठावर तो उभा आहे आणि आज तिथे पोलिसांची प्रशिक्षण संस्था आहे. आधी तिथे उदनशाहाची जुनी गढी आणि परकोटा नावाची वस्ती होती. १७३५ नंतर पंतांनी तिथे ठाणं केलं, किल्ला बांधला, पेठ वसवली. सरकारी गॅझेटियर आजच्या सागर शहराच्या स्थापनेचं श्रेय त्यांनाच देतं. ही गोष्ट मला फार बोलकी वाटते. नुसता लुटायला आलेला माणूस पेठ वसवत नाही. पेठ वसवायची तर वाण्याला जकातीत सूट द्यावी लागते, कोष्ट्याला जागा द्यावी लागते, चार वर्षं थांबावं लागतं. हिंदीतला कवी पद्माकर पुढे याच सागरच्या दरबारी वावरला, आणि मराठी घरं तिथे आजही आहेत.

आता या नोकरीचं स्वरूप जरा जवळून बघू, कारण सगळा वाद त्यातूनच उगवला आहे.

पेशवाईत परगण्याचा कमाविसदार नेमला जाई, तेव्हा त्या परगण्याच्या अपेक्षित उत्पन्नाचा आणि खर्चाचा अंदाज आधी पुण्याला तयार होई. त्या अंदाजातला मोठा भाग कमाविसदाराने रसद म्हणून आगाऊ भरायचा. म्हणजे शेतात बी पडण्याआधी सरकारच्या हातात पैसा. हा पैसा तो स्वतःच्या घरून आणत नसे. सावकाराकडून व्याजाने उचलत असे. मग तो परगण्यात जाई, शिबंदी ठेवी, वसूल करी, आणि त्यातून आपली रसद व्याजासकट वळती करून घेई. पीक बुडालं, स्वारी आली, ठाकूर फिरला, तरी सावकाराचं व्याज चालूच. शिवाय पुण्याहून वराती सुटत. अमुक सरदाराला इतके हजार त्याच्या परगण्यातून द्यावेत, अशी चिठ्ठी घेऊन माणूस दारात येऊन बसे. एकाच पैशावर तीन-तीन वराती झाल्याची उदाहरणं मराठी दफ्तरात शोधावी लागत नाहीत. वर दरबारखर्च वेगळा. आणि या सगळ्याचं लेखन कमाविसदाराच्या मर्जीने होत नसे. दिवाण, मजुमदार, फडणीस असे दरखदार सरकार स्वतः नेमी आणि त्यांनी त्याच्यावर नजर ठेवावी अशी अपेक्षा असे.

या रचनेत बाकी ही कायमची असे. कुठल्याही वर्षी, कुठल्याही सुभेदाराच्या नावावर बाकी निघेच. त्यातली खरी बाकी किती, वादातली किती आणि त्याने घरात घातलेली किती, हे वेगळं करायला पुण्याहून चांगला कारकून पाठवून दोन वर्षं बसवावा लागे. ज्या वर्षी सरकारला पैशाची नड नसे, त्या वर्षी बाकीकडे कोणी फारसं बघत नसे. नड पडली की तीच बाकी गुन्हा होई.

दिल्लीच्याच अंताजी माणकेश्वरांकडे बघा. कामरगावच्या गंधे घराण्यातला हा माणूस १७५३ पासून दिल्लीत पेशव्यांची फौज घेऊन होता. १७५७ च्या सुरुवातीला अब्दाली दिल्लीवर आला, तेव्हा बादशाही सरदार घरात बसले आणि आधी नरेल्याला, मग फरीदाबादला अफगाणांशी हत्यार घेऊन भिडले ते अंताजी. तरी पुढे त्यांच्यामागे हिशेबाचा ससेमिरा लागला आणि पैसे खाल्ल्याचा ठपका आला. पानिपतच्या रणातून निघाल्यावर फर्रुखनगरच्या बाजूला ते मारले गेले. म्हणजे दिल्लीच्या एका बाजूला गुडगावच्या हद्दीत अंताजी आणि दुसऱ्या बाजूला गाझियाबादच्या हद्दीत गोविंदपंत. उत्तरेतले दोन मराठी कारभारी, दोघांवरही बाकीचा आरोप, आणि दोघांचाही मृत्यू याच परिसरात, एकाच मोहिमेत.

आता थोडं दूर जातो. हा पेच आपल्या एकट्यांचा नव्हता. रोमनांचं साम्राज्य सुभेदारांवर चालत होतं आणि त्या सुभेदारांविषयी त्यांनी भरपूर लिहून ठेवलं आहे.

लोभी सुभेदाराचा नमुना म्हणून जग व्हेरेसचं नाव घेतं. इ.स.पू. ७३ ते ७१ अशी तीन वर्षं तो सिसिलीवर होता. शेतकऱ्याच्या गव्हाचा दहावा हिस्सा घ्यायचा, त्याऐवजी त्याने खळी रिकामी केली. देवळांतल्या मूर्तीसुद्धा सोडल्या नाहीत. इ.स.पू. ७० मध्ये सिसेरोने त्याच्यावर खटला चालवला. पुरावा गोळा करायला ११० दिवस मागून घेतले होते, ५० दिवसांत तो सिसिली पालथी घालून परत आला. व्हेरेसने निकालाची वाटसुद्धा पाहिली नाही. आजच्या मार्सेयला पळून गेला. व्हेरेसला चोर ठरवायला दोन हजार वर्षांनंतरही कुणाची ना नाही. पण ज्याने त्याला चोर ठरवलं, तो सिसेरो स्वतः इ.स.पू. ५१ मध्ये किलिकियाचा सुभेदार झाला, म्हणजे आजच्या तुर्कस्तानाच्या दक्षिण किनाऱ्याचा. अत्यंत स्वच्छ कारभार केल्याचं तो सांगतो आणि बऱ्याच अंशी ते खरंही आहे. तरी वर्षभरात कायदा न मोडता २२ लाख सेस्टर्स त्याच्या गाठीला पडले. ज्या ब्रूटसला आपण शेक्सपिअरच्या नाटकामुळे सज्जनांचा शिरोमणी समजतो, त्याने सायप्रसमधल्या सलामिस शहराला ४८ टक्के व्याजाने कर्ज दिलं होतं, आणि ते वसूल करायला सुभेदाराने घोडेस्वार द्यावेत असा त्याच्या माणसाचा आग्रह होता. सिसेरोने जाहीरनाम्यात व्याजाची कमाल मर्यादा १२ टक्के ठेवली होती, म्हणजे दरमहा शेकडा एक. पेशवाईतल्या सावकारी दराला जवळचा आकडा. सिसेरोने घोडेस्वार दिले नाहीत, पण प्रकरणाचा निकालही लावला नाही. ब्रूटसला दुखवणं त्याला परवडत नव्हतं. प्रामाणिक सुभेदाराचेसुद्धा हात किती बांधलेले असतात, ते इथे दिसतं.

मला गोविंदपंतांच्या संदर्भात सर्वांत उपयोगी वाटतो तो धाकटा प्लिनी. इ.स. ११० च्या सुमाराला ट्रेजन बादशहाने त्याला काळ्या समुद्राच्या दक्षिणेला बिथिनियात पाठवलं, मुख्यतः तिथल्या शहरांचे हिशेब बिघडले होते म्हणून. त्याचा आणि बादशहाचा पत्रव्यवहार टिकून आहे. निकोमीडियाने पाण्याच्या नळावर ३३ लाख १८ हजार सेस्टर्स खर्च केले आणि काम सोडून दिलं. पुन्हा दुसऱ्या नळावर २ लाख खर्च केले, तेही सोडलं. प्रूसातली सरकारी कामं मोजून घेऊन पैसे परत मिळवायला प्लिनी एक मोजणीदार मागतो. बादशहा उत्तर देतो की माझ्याकडे रोममध्येच पुरेसे नाहीत. आग विझवायला १५० माणसांचं पथक उभारू का, असं प्लिनी विचारतो. बादशहा नको म्हणतो, कारण अशी पथकं पुढे राजकारणाचे अड्डे होतात. या पत्रांत दोन्ही बाजू ऐकू येतात. सुभेदाराची अडचण काय होती आणि मुख्य ठाण्याचं उत्तर काय होतं, हे समोरासमोर ठेवून वाचता येतं. म्हणून प्लिनीविषयीचा आपला निकाल समतोल राहतो.

गोविंदपंतांच्या बाबतीत हे भाग्य उशिरा आणि अर्धवट लाभलं. इतिहासाचार्य राजवाड्यांनी १८९८ मध्ये आपल्या साधनांचा पहिला खंड प्रसिद्ध केला. १७५० ते १७६१ या काळातली ती पत्रं त्यांना वाईत मिळाली होती आणि त्यांत पानिपतच्या मोहिमेचे सेनापती सदाशिवराव भाऊसाहेब यांनी गोविंदपंतांना लिहिलेली पत्रं होती. नावा जमवा, पैसा पाठवा, शुजाला अडवा, दुआबात धुमाकूळ घाला. मागण्या वाढत जातात, स्वर चढत जातो. ही पत्रं वाचून राजवाड्यांनी आपल्या दांडग्या प्रस्तावनेत निकाल दिला आणि मल्हारराव होळकरांबरोबर गोविंदपंतांना पानिपताच्या अपयशाचे धनी केलं. राजवाड्यांचे उपकार आपल्यावर एवढे आहेत की त्यांच्याशी वाद घालताना जीभ जड होते. तरीही म्हणतो, की मागणाऱ्याची पत्रं पुढ्यात ठेवून देणाऱ्याचा निवाडा त्यांनी घाईने केला.

त्या मागण्यांचं वर्ष नीट बघू.

१७५८ मध्ये राघोबादादा अटकेपर्यंत गेले आणि सुमारे ८० लाखांचं कर्ज करून परतले, असं सांगतात. म्हणजे मोहिमेला निघण्याआधीच पुण्याचा खजिना ओढग्रस्त होता. १० जानेवारी १७६० ला दत्ताजी शिंदे बुराडी घाटावर पडले. बुराडी आज दिल्लीची दाट वस्ती आहे. तेव्हा ते यमुनेचं वाळवंट होतं. भाऊसाहेब मार्चमध्ये परतूडहून उत्तरेकडे निघाले. ते दरबाराच्या हिशेबाचे जाणकार होते, अत्यंत काटेकोर होते आणि उत्तरेत मात्र पहिल्यांदाच येत होते. वाटेवरूनच त्यांनी पंतांना लिहायला सुरुवात केली. इटाव्याजवळ यमुनेवर पूल बांधण्यासाठी नावा गोळा करा. तिथून सगळी फौज दुआबात उतरेल. बेत उत्तम होता. पण फौज त्या भागात पोचेपर्यंत पावसाळा लागला आणि यमुना फुगली. फुगलेल्या यमुनेवर नावांचा पूल ठरत नाही, हे दिल्लीकरांना वेगळं सांगायला नको. २०२३ च्या जुलैत हीच नदी लाल किल्ल्याच्या मागच्या रस्त्यावर आलेली आपण पाहिली. तरी पूल झाला नाही याची नोंद इतिहासात पंतांच्या खात्यावर झाली.

दुसरी मागणी पैशाची. उन्हाळ्यात रब्बीचा वसूल यायचा, त्याच सुमारास दुआबात अब्दालीच्या बाजूच्या रोहिल्या नजीबखानाने मराठी ठाण्यांवर घाला घातला. ठाणी उठली की वसूल थांबतो; रयत कोणाला पैसे द्यावे या संभ्रमात घरं सोडून जाते. खरिपाचा पैसा डिसेंबरच्या आधी हाती येत नाही. भाऊंना तो जुलै-ऑगस्टमध्ये हवा होता. २ ऑगस्टला दिल्ली हाती आली, पण तीही भुकेली. तेव्हा त्यांनी लाल किल्ल्यातल्या दिवाण-ए-खासचं चांदीचं छत उतरवून नाणी पाडली. त्यातून सुमारे ९ लाख रुपये मिळाले. पुढच्या वेळी लाल किल्ल्यात पाहुण्यांना घेऊन जाल तेव्हा त्या छताकडे जरा वेळ बघा. मराठ्यांच्या सेनापतीवर बादशहाच्या डोक्यावरची चांदी वितळवण्याची वेळ आली होती. ती एका सुभेदाराने पैसे दाबून ठेवल्यामुळे येत नाही. पुण्याहून पुरेसा पैसा न घेता निघालेली आणि वाटेवरच्या वसुलावर जगायला निघालेली ती मोहीम होती.

तिसरी मागणी शुजाउद्दौल्याची. तो अब्दालीकडे जाऊ नये म्हणून पंतांनी त्याच्या मुलखात दहशत बसवावी. शुजाचं मन वळवायला स्वतः नजीब गेला होता, सोबत शाही वचनं होती. जुलैमध्ये शुजा अब्दालीला मिळाला. एका वसुली अधिकाऱ्याच्या दहशतीने अवधचा नवाब आपलं धोरण बदलेल, ही अपेक्षाच चुकीची होती.

पंतांची फौज काय होती? हुजुरातीतले निवडक स्वार त्यांच्याकडे नव्हते. होती ती वसुलाची शिबंदी. गढीला वेढा घालणं, गुरं ओढून आणणं, जमीनदाराला धाक दाखवणं या कामाची माणसं. तरी १७५९ च्या अखेरीस शुक्रतालावर दत्ताजींनी नजीबला कोंडला होता, तेव्हा गंगा ओलांडून रोहिलखंडात घुसायला दत्ताजींनी पंतांनाच पाठवलं होतं. पंत गेले, रोहिल्यांचा मुलूख उठवला, आणि शुजाची मदत आल्यावर मागे रेटले गेले. भित्रा माणूस त्या वयात गंगेपलीकडे जात नाही.

आणि मग १७६० चा हिवाळा आला. ऑक्टोबरच्या शेवटी अब्दाली बागपतला यमुना उतरून पश्चिमेला आला आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीपासून दोन्ही छावण्या पानिपतला एकमेकींसमोर ठाकल्या. अब्दालीचं धान्य येत होतं ते दुआबातून, नजीबच्या मुलखातून, यमुना ओलांडून. ती नस दाबायचं काम भाऊंनी पंतांकडे दिलं. या वेळी काम त्यांच्या आवाक्यातलं होतं. दहा-बारा हजार स्वार घेऊन ते इटाव्याकडून वर सरकले, मेरठच्या बाजूपर्यंत गावं उठवली, बंजाऱ्यांचे तांडे अडवले. अब्दालीच्या छावणीत धान्य महागलं, माणसं आणि घोडी उपाशी पडू लागली. त्या दिवसांत पानिपतावर उपासमार अफगाणांची होत होती, हे आपल्याकडे क्वचितच सांगितलं जातं. ज्याला आपण कामचुकार म्हणून ओळखतो त्याने त्या काळातल्या सर्वांत बलाढ्य फौजेला काही आठवडे उपाशी ठेवलं.

अब्दालीला ही दुखापत किती झोंबली, ते त्याच्या उत्तरावरून कळतं. ७ डिसेंबरला पानिपतावर भाऊंचे सरदार बळवंतराव मेहेंदळे पडले. त्यानंतर थोड्याच दिवसांत अब्दालीने अताईखानाला, म्हणजे आपल्या वजिराच्या पुतण्याला, ताज्या दमाचे हजारो स्वार देऊन दुआबात सोडलं. मजल दरमजल हा प्रकारच नव्हता, रात्रंदिवस घोडदौड. शहादऱ्याला यमुनेच्या पूर्वेला मराठ्यांची चौकी होती, ती कापली. पुढे गाझियाबाद, बादशहाच्या वजिराने जेमतेम वीस वर्षांपूर्वी वसवलेलं गाव, तिथली मराठी तुकडी मारली. आणि मग जलालाबाद. पंतांच्या छावणीला पत्ता नव्हता. हे स्वार आपले की परके हे कळायच्या आत ते छावणीत होते.

काशिराज पंडित हा शुजाच्या चाकरीतला दक्षिणी ब्राह्मण त्या दिवसांत अब्दालीच्या बाजूला होता आणि त्याने पानिपतची हकिकत लिहिली आहे. पंत वयस्कर होते, अंगाने जड होते, घोडा फेकत निघून जाणं त्यांच्याच्याने झालं नाही, असं त्याच्या हकिकतीवरून दिसतं. मुलगा बाळाजी निसटला. पंतांचं डोकं कापून अब्दालीकडे गेलं आणि अब्दालीने ते भाऊंच्या छावणीत पाठवलं. वर्षभर ज्याला भाऊ पत्रांमागून पत्रं लिहीत होते, त्याचं हे शेवटचं उत्तर त्यांच्या हाती आलं.

दुआबातून धान्य पुन्हा वाहू लागलं ते थेट अब्दालीकडे. आता उपासमार मराठ्यांची सुरू झाली. नारो शंकर, नाशिकच्या नारोशंकराच्या घंटेमुळे ज्यांचं नाव आपल्या तोंडी आहे ते, दिल्लीचा बंदोबस्त पाहत होते. त्यांनी पानिपताकडे रवाना केलेल्या खजिन्याची एक तुकडी जानेवारीत वाट चुकून अफगाणांच्याच छावणीत शिरली आणि कापली गेली. १४ जानेवारीला संक्रांतीच्या सुमारास उपाशी फौज बाहेर पडली.

रोमच्या इतिहासात या शेवटाला एक जोड आहे. पब्लियस क्विंक्टिलियस व्हारस आफ्रिकेचा, मग सीरियाचा सुभेदार होता आणि शेवटी जर्मेनियात गेला. सीरियाविषयी रोमन इतिहासकार वेलियसने लिहिलं आहे ते असं, की श्रीमंत प्रांतात गरीब व्हारस गेला आणि गरीब प्रांतातून श्रीमंत व्हारस निघाला. करवसुली आणि न्यायनिवाड्यात मुरलेल्या या माणसाला ऑगस्टसने ऱ्हाइनपलीकडे पाठवलं. मुलूख शांत झाला आहे, आता कर बसवायचा, अशा समजुतीने. इ.स. ९ मध्ये आर्मिनियसने, म्हणजे रोमचं नागरिकत्व असलेल्या आणि व्हारसच्या पंगतीला बसणाऱ्या सरदाराने, त्याला जंगलात गाठून तीन लिजन बुडवले. व्हारसने स्वतःला संपवलं. त्याचंही डोकं कापलं गेलं. ते मारोबोडुअस राजाकडे गेलं आणि त्याने ते ऑगस्टसकडे पाठवलं.

व्हारसवरचा निकाल कोणी लिहिला? त्या वेलियसने, जो ऑगस्टसच्या वारसाच्या, टायबेरियसच्या, हाताखालचा अधिकारी होता आणि टायबेरियसचा भक्त होता. जर्मेनियात कर लागू करण्याचं धोरण व्हारसचं एकट्याचं नव्हतं, ते राजधानीचं होतं. पण पराभवाच्या नोंदीत राजधानीचं नाव येत नाही. या लढाईची जागा मानल्या जाणाऱ्या काल्क्रीझला १९८७ पासून उत्खनन सुरू आहे. व्हारसने सैनिकांना वाटलेली, त्याच्या नावाचा शिक्का उठवलेली नाणी त्या मातीत सापडली आहेत. आज बरेच इतिहासकार त्याला मूर्ख आणि लोभी एवढंच म्हणून सोडून देत नाहीत.

दोघांत फरक आहे आणि तो मला झाकायचा नाही. ज्यूंच्या बंडानंतर व्हारसने दोन हजार माणसं क्रुसावर चढवल्याचं ज्यू इतिहासकार जोसेफस सांगतो. गोविंदपंतांनी असं काही केल्याचं कुठे आढळत नाही. व्हारस गाफीलपणे सापळ्यात शिरला. गोविंदपंत ज्या कामावर होते ते यशस्वी होत होतं, म्हणूनच त्यांच्यावर घाला पडला. गाफीलपणाचा दोष मात्र दोघांनाही लागतो. शत्रूच्या मुलखात वावरताना चौक्या लांब बसवायच्या आणि जासूद पुढे सोडायचे, ही मराठी फौजेची जुनी रीत होती. पंतांनी ती सांभाळली नाही, आणि त्याची किंमत त्यांच्याबरोबर पानिपतावरच्या लाखभर माणसांनी मोजली. हा दोष राजवाड्यांनी लावला असता तर मी निमूट मान्य केला असता. लावला गेला तो अफरातफरीचा.

आता पैशाविषयी. पंतांनी संपत्ती केली का? केली. एका कुळकर्ण्याच्या मुलाने किल्ला, पेठ, वाडे आणि घराण्याचं वैभव उभं केलं, ते पगारातून होत नाही. पण हे करणारे ते एकटे नव्हते आणि सरकारला ते माहीत होतं. याचा माझ्या दृष्टीने सर्वांत ठोस पुरावा पंतांच्या मृत्यूनंतरचा आहे. पानिपतनंतर पेशव्यांची गादी माधवरावांकडे आली. हिशेबाच्या बाबतीत माधवराव किती कडक होते, ते वेगळं सांगायला नको. त्या कारभारात गोविंदपंतांचं घर बुडवलं गेलं नाही. सागर बाळाजी गोविंदांकडे राहिलं, काळपी आणि जालौनचा भाग गंगाधर गोविंदांकडे. १८१८ मध्ये सागर इंग्रजांनी घेतलं, जालौन १८४० मध्ये खालसा झालं; तोवर खेरांची माणसं तिथे होती. राज्य बुडवणाऱ्या अफरातफरी माणसाच्या मुलांकडे तोच मुलूख तेच सरकार पिढ्यान्‌पिढ्या ठेवील, हे मला पटत नाही. ज्यांच्या हातात हिशेबाचे कागद होते त्यांनी पंतांना दोषी धरलं नाही. दोषी धरलं ते सव्वाशे-दीडशे वर्षांनंतर, पत्रांचा एकच गठ्ठा हाती आलेल्या आपण.

दिल्लीत मराठी विद्यार्थी इतिहास शिकायला मोठ्या संख्येने येतात. त्यांतल्या एखाद्याने मोडी शिकून सागर आणि काळपीच्या सुभ्यांचे १७५५ ते १७६० या पाच वर्षांचे हिशेबी कागद पुण्याच्या पेशवे दफ्तरात शोधावेत आणि रसद किती भरली, वराती किती सुटल्या, ठाणी कोणत्या महिन्यात उठली, हे परगण्यावार मांडावं, अशी माझी मनापासून विनंती आहे. भाऊंची पत्रं छापलेली आहेत. त्यांच्यासमोर हे आकडे ठेवून गोविंदपंतांच्या बाकीची बेरीज अजून कोणीतरी करायची आहे.